मनीच्या नावाचं पिठलं

माझ्या हातून चुका कमी झालेल्या नाहीत. लग्नमांडवात भलत्याच नवरदेवाला ओवाळून आलेली बाई आहे मी. पण आता जी सांगणार आहे ती चूक अशी, की शेजारणीच्या माहेरची, लासुर्ण्याची माणसं अजून मला बघितली की पदर नाहीतर टॉवेल तोंडाला लावतात. चहा घ्या, सांगते. फक्त मधेच हसू नका, शेवटी हसा. कारण त्या नऊ दिवसांत मी भ्याले, ते अगदी मनापासून भ्याले होते.

आमचं घर जळोचीत. शेजारी सुमन. तिच्या आणि माझ्या अंगणात एक भिंत, आणि त्या भिंतीतली एक वीट निसटलेली. ती मी काढली असं सुमन म्हणते. आपोआप पडली असं मी म्हणते. त्या भोकातून सुमनचं अंगण, पडवी आणि पुढच्या खोलीची खिडकी दिसते. पलीकडं बोरीचं झाड, मग ऊस, आणि उसाच्या कडेनं कॅनॉलकडं जाणारी पायवाट.

सुमनचा नवरा जाऊन बारा वर्षं झाली. एकुलती एक पोर, मनीषा. आमची मनी. कमरेच्या खाली येणारी वेणी तिची. शाळेत होती तेव्हा दर रविवारी मी न्हाऊ घालून वेणी घालून द्यायचे, आणि एकही केस ओढला गेला की ही पोर अख्खी गल्ली गोळा करायची. पुढं नर्सिंग शिकली, आणि इंदापूरच्या एका एजंटानं तिला इंग्लंडला म्हाताऱ्या माणसांची सेवा करायच्या कामावर लावून दिलं.

पहिले दोन महिने रोज व्हिडिओ कॉल. मग आठवड्यातून एकदा, दोन मिनिटं, तेही मागं कुणीतरी उभं असल्यासारखी पोर बोलायची. "बरी हाय आई. जेवली आई." पासपोर्ट काढून घेतलाय एवढं एकदा घाईघाईत बोलली, आणि त्यानंतर फोनच बंद. एजंटाला विचारलं की म्हणायचा, "कामात हाय पोरगी." दीड महिना झाला होता. पोर कुठं आहे, कशी आहे, काही पत्ता नाही. सुमनच्या ताटातली भाकरी जशीच्या तशी उठायची. हे मला कसं माहीत, ते विचारू नका. वीट.

अशात एक दिवस सुमनच्या दारात गाडी थांबली आणि एक गोरी बाई उतरली. पंचावन्नची असेल. केस आखूड, पांढरे. अंगात निळा शर्ट. तिच्याबरोबर मोठाल्या काळ्या पेट्या घेतलेला एक दाढीवाला, आणि पुण्याची एक पोरगी, रेवा. तिनं केस डोक्यावर गुंडाळून त्यात पेन्सिल खोचलेली. तिघं सुमनच्या घरी राहायलाच आली.

मी भिंतीपाशी गेले.

"कोण गं ही मडम?"

"ऊस बघाय आलीय," सुमन माझ्याकडं न बघता म्हणाली.

"इंग्लंडात ऊस न्हाय व्हय?"

"न्हाय. म्हणून तर बघाय आलीय."

"आणि दाढीवाला?"

"त्यो बी ऊसच बघतोय. अक्का, तुमचं दूध उतू चाललंय."

माझं दूध गॅसवर नव्हतंच.

आता मला सांगा, ऊस बघणारी बाई उसाकडं पाठ करून चालती का? दुसऱ्या दिवशी ऊन तापल्यावर ती मडम कॅनॉलकडून पायवाटेनं आली. चालता चालता काहीतरी बोलत होती. बरोबर कुणी नाही. बोरीपाशी थांबली, मान वळवली, हवेकडं बघून एक वाक्य बोलली. मग गप्प परत मागं गेली आणि पुन्हा तशीच आली. तेच पाऊल, तिथंच थांबणं, तशीच मान, तेच वाक्य. मी मोजलं, सहा वेळा. सहाही वेळा आवाजात फरक नाही. दाढीवाला उसात कुठंतरी असणार, पण मला भोकातून फक्त ती दिसत होती, आणि उसाचं पान हलत नव्हतं.

तिसऱ्या दिवशी तर कहर. मी भाजी निवडत सहज डोळा लावला, तर अंगणात मडम, दाढीवाला, रेवा आणि आमची सुमन, चौघं चार जागी उभी. कुणी हलत नाही, कुणी बोलत नाही. दाढीवाल्याचे डोळे मिटलेले. रेवाच्या नाकावर माशी बसली तरी तिनं हाकलली नाही. मीसुद्धा हातात मेथीची जुडी धरून तशीच थिजले. मिनिटभरानं दाढीवाल्यानं मान हलवली आणि सगळी कामाला लागली, जसं काही झालंच नाही.

"सुमन, मगाशी काय झालं गं तुमाला?"

"कुठं काय?"

"पुतळ्यावानी हुबा होता सगळी."

"काय न्हाय अक्का. ऊन लागलं असंल तुमाला."

आणि तो निळा शर्ट. पाच दिवस झाले, सहा झाले, मडम रोज त्याच शर्टात. रात्री धुवत असेल म्हणावं तर दोरीवर कधी दिसला नाही. बाई रोज आंघोळ करते, केस विंचरते, आणि पुन्हा तोच शर्ट घालते. मेलेल्या माणसाचे कपडे बदलत नाहीत, असं माझी आजी सांगायची. मी ते आठवून उगाच पदर घट्ट केला.

सातव्या दिवशी मी विरजणाला दही मागायच्या निमित्तानं मागच्या दारानं सुमनकडं गेले. सुमन नव्हती. घरात कुणीच दिसेना. आतल्या खोलीत कॉटवर गोधड्यांचा ढीग, चार-पाच तरी असतील, आणि त्या ढिगातून आवाज येत होता. बाईचा, दबका, एका सुरातला. इंग्रजी होतं, मला काय कळणार? पण मधेच एक शब्द कळला. "मनीषा." मग थोडं थांबून पुन्हा, "मनीषा."

दह्यासाठी नेलेली वाटी तिथंच टाकून मी घर गाठलं.

आमच्या मालकांना सांगितलं, तर ते पेपरातून डोकं न काढता म्हणाले, "दुसऱ्याच्या घरात बघू नगं."

"अवो, गोधडी बोलतीय."

"मग ऐकू बी नगं."

त्याच संध्याकाळी सुमन आपण होऊन भिंतीशी आली. "अक्का, तुमचं गंगावन देता का दोन दिस? लग्नाला जायचंय." गंगावन म्हणजे केसांत गुंफायचा खोटा शेपटा. माझं चांगलं लांब आहे, जेजुरीला घेतलेलं. मी दिलं. पोरीचा पत्ता नाही आणि ही लग्नाला चालली, एवढं मनात आलं. पण गोधडीच्या धाकानं मी तोंड उघडलं नाही.

आणि मग नववा दिवस.

दुपारचे बारा. जळोचीत त्या वेळी कुत्रंसुद्धा रस्त्यावर नसतं. मी अंगणात पापड उलटत होते. सहज डोळा लावला, म्हणजे तुम्ही म्हणाल तर मुद्दाम लावला. बोरीखाली मनी उभी होती.

पाठमोरी. तिचाच पिवळा ड्रेस, जायच्या दिवशी घातलेला. कमरेखाली वेणी. हातात तीच लाल बॅग, जिची चेन मी दाभणानं शिवून दिली होती. पायवाटेनं सावकाश चालत गेली. कशीबशी हाक मारली, "मने." आवाज भिंतीपलीकडं गेलाच नसेल. ती वळली नाही. उसाच्या टोकाला जाऊन दिसेनाशी झाली.

आणि थोड्या वेळानं पुन्हा बोरीखाली उभी. पाठमोरी. पुन्हा तशीच चालत गेली, तेवढंच सावकाश. तीन वेळा गेली पोर, आणि तिन्ही वेळा तोंड दाखवलं नाही.

मी घरात येऊन देवापुढं बसले. पण माझा स्वभाव तुम्हाला माहीत आहे. दहा मिनिटांनी पुन्हा विटेपाशी. आता खिडकीतून पुढची खोली दिसत होती. स्टुलावर मनीचा फोटो, आणि फोटोपुढं दिवा. समोर सुमन बसलेली, पदरानं डोळे पुसत. मडम तिच्या गुडघ्यावर हात ठेवून.

फोटोपुढं दिवा कधी लावतात, हे मी तुम्हाला सांगायला नको.

सगळं माझ्या डोक्यात जुळलं. पोर तिकडं गेली. ही मडम तीच बातमी घेऊन आलीय. सुमनला सांगितलंय, पण ती बिचारी एकटीच दुःख गिळून बसलीय, ना भाऊ जवळ, ना भावकी. आणि शेजारीण म्हणून मी काय करतेय, तर पापड उलटतेय.

मालकांना म्हणाले, "आपली मनी गेली."

"कुणी सांगितलं?"

"मी बघितली तिला. बोरीखाली."

"तोंड बघितलंस?"

"पाठमोरी हुती. मेलेल्या माणसाला तोंड दाखवायची हौस असती व्हय?"

मालकांनी पहिल्यांदा पेपर खाली ठेवला.

मी लासुर्ण्याला फोन लावला, सुमनच्या भावाला. तात्या म्हणतात त्यांना सगळे.

"तात्या, मी शालन, सुमनच्या शेजारची. मनीची तब्येत जरा जास्त झालीय. तुमी निघा."

मग तात्यांनी हळू विचारलं, "जास्त म्हंजी, आमी समजायचं तेच?"

"व्हय तात्या."

"सुमनला ठावं हाय?"

"ठावं हाय. पण बोलत न्हाय."

आपल्याकडं निरोप असाच देतात. मेली असं कुणी फोनवर म्हणत नाही. तब्येत जास्त झाली म्हणायचं, की ऐकणारा चप्पल न घालता निघतो.

मयताच्या घरात चूल पेटत नाही, तिथं शेजाऱ्यांनीच करून न्यायचं. मी पिठलं घोटलं, अकरा भाकऱ्या थापल्या. एकेक भाकरी थापताना पोरीची एकेक वेणी आठवत होती. तीनच्या सुमाराला डालगं डोक्यावर घेऊन मागच्या दारानं सुमनकडं गेले. स्वयंपाकघरात मडम आणि दाढीवाला दाराआड भिंतीला चिकटून उभे. मडमनं ओठावर बोट ठेवलं. मला वाटलं, दुखवट्याचं घर, हळू बोला म्हणतेय. मी मान डोलावली आणि पुढच्या खोलीत गेले.

तिथं एक पांढऱ्या सफारीतला माणूस चहा पीत बसलेला. समोर सुमन, आणि केस मोकळे सोडलेली रेवा, मांडीवर पर्स घेऊन. हाच तो इंदापूरचा एजंट; मनी निघाली त्या दिवशी मी त्याला बघितलं होतं. तो रेवाला सांगत होता, "तुमी बिनघोर जावा तिकडं. ह्यांच्या मनीला इचारा. परवाच बोललो मी तिच्याशी. मजेत हाय, गोरी झालीय."

माझं डोकं फिरलं. डालगं खाली ठेवलं आणि म्हणाले, "परवा बोललास? कुठनं बोलली रं ती? वरनं?"

एजंटाची बशी वाजली. "वरनं म्हंजी?"

"पोर मारलीस आणि तिच्या आईपुढं च्या पितोस व्हय?"

सुमन उठून उभी राहिली. "अक्का, काय बोलताय?"

"सुमन, आता लपवू नगं. रड मोकळी. पोर गेली आपली. मी लासुर्ण्याला कळवलंय."

ते तोंड मी मरेपर्यंत विसरणार नाही. सुमनला वाटलं, आमच्याकडं फोनबिन आला. ती खाली बसली, आणि नेमकं तेव्हाच गल्लीच्या तोंडाशी हंबरडा सुरू झाला. लासुर्ण्याच्या दोन पिकअप. पुढं तात्या अनवाणी, मागं दहाबारा बायका. "मने गं, माझी बाय गं" करत ती गर्दी दारात आली, आणि एजंटाला बाहेर जायला वाट उरली नाही.

सुमननं त्याच्या सफारीची बाही धरली. फार हळू विचारलं, "माझी पोर कुठं हाय?"

तो माणूस खडूसारखा पांढरा पडला होता. "ताई, माझ्या अंगावर येऊ नका. मी फकस्त पोरी पाठवतो. पासपोर्ट तिकडच्या मालकाच्या कपाटात हायत, सहाच्या सहा पोरींचे. त्यानंच कोंडून ठेवल्यात वरच्या मजल्यावर. फोन बी त्यानंच काढून घेतले. मी म्हणलं हुतं त्याला, पोरींना उपाशी ठेवू नगं म्हणून."

"नाव काय त्या मालकाचं?" रेवानं विचारलं. तिची पर्स अजून मांडीवरच होती, बरोबर त्याच्या तोंडाच्या दिशेनं.

त्यानं नाव सांगितलं, गाव सांगितलं, गल्ली सांगितली. घाबरून दाराचा रंगसुद्धा सांगितला.

मग स्वयंपाकघरातून मडम बाहेर आली, निळ्या शर्टात. तिनं एजंटाकडं बघितलंच नाही. थेट सुमनपुढं गुडघ्यावर बसली आणि भराभर बोलू लागली. रेवा सांगू लागली, "काकू, मनीषा जिवंत आहे. ऐका माझं, जिवंत आहे. त्या घरातून पळालेल्या मैत्रिणीला तिची चिठ्ठी मिळालीय, आज सकाळीच तिचा मेसेज आलाय. संध्याकाळी सांगणारच होतो."

बाहेरचा हंबरडा एकदम थांबला. सगळी माणसं माझ्याकडं बघायला लागली.

"मग बोरीखाली कोण हुतं?" मी विचारलं.

रेवानं कोपऱ्यातल्या पिशवीत हात घातला आणि माझं गंगावन बाहेर काढलं.

आता खुलासा ऐका. ती मडम इंग्लंडच्या टीव्हीवर लबाडांची लबाडी उघडी पाडणारे माहितीपट करते. तीस वर्षं हेच काम. पळालेल्या मुलीनं तिला गाठलं, म्हणून ती या एजंटाच्या मागावर हितवर आली होती. एजंटाचे कान सगळीकडं, म्हणून उसाचा बहाणा. उसातल्या कॅमेऱ्यापुढं एकच चाल सहा वेळा, कारण पाच वेळा कुणाचा तरी ट्रॅक्टर वाजला. शर्ट एकच, कारण कुठल्याही दिवशी टिपलेली चित्रं एकमेकांना जोडता यायला हवीत. रेवानं परदेशी कामाला जायचं सोंग घेतलेलं, आणि तिच्या पर्समध्ये लपवलेला कॅमेरा. फोटोपुढचा दिवा म्हणजे फोटो उजेडात यावा म्हणून लावलेला लाईट. मनी घर सोडून गेली ते दाखवायचं होतं आणि मनी तर नाही, म्हणून फोटोत बघून तसाच ड्रेस आणि तसलीच बॅग आणली आणि रेवाला पाठमोरी चालवली. गोधड्यांत शिरून मडम चित्रामागं ऐकू येणारं बोलणं रेकॉर्ड करत होती, बाहेरचा आवाज येऊ नये म्हणून.

"आणि पुतळ्यावानी का हुबा होता?" मी विचारलं.

रेवा म्हणाली, "घराची शांतता टिपत होतो, काकू. प्रत्येक घराची वेगळी असते. कुणी बोलायचं नाही, हलायचं नाही. या घराची फार वेगळी आहे, असं मॅडम म्हणाल्या."

सुमनच्या घरातली ती शांतता दीड महिना मीही ऐकत होते, फक्त मला ती ओळखता आली नव्हती.

तात्यांनी एजंटाला खुर्चीत परत बसवलं, आणि पुढचं पोलिसांनी बघितलं. मडम माझ्याकडं आली. मला वाटलं, आता खरडपट्टी. तीस वर्षांत तिच्या तोंडावर दारं आपटली होती, अंगावर कुत्रं सोडलं होतं, गाडीची काच फोडली होती. पिठलं-भाकरी घेऊन मधेच कुणी शिरलं नव्हतं, म्हणाली. पोर मेली असं खोटं सांगून एजंटाला बोलतं करायची त्यांना परवानगीच नसते. "पण तुम्ही खोटं बोलला नाहीत," रेवानं तिचं बोलणं सांगितलं, "तुम्हाला तर खरंच वाटत होतं."

मी कौतुक समजून मान खाली घातली. मालक म्हणाले, "अगं, तुला येडी म्हणतीय ती."

दुखवट्याचं पिठलं खायला लासुर्ण्याचं कुणी तयार होईना. मडमनं एकटीनं दोन भाकऱ्या खाल्ल्या.

सुमन माझ्याशी पंधरा दिवस बोलली नाही. त्याच आठवड्यात गवंडी आणून तिनं ती वीट सिमेंटमध्ये पक्की बसवून घेतली. तिचं ते तोंड आठवायचं आणि मी गप्प बसायचे. पुढं रेवानं लॅपटॉपवर ते चित्र आणून दाखवलं, तेव्हा मात्र सुमननं मला शेजारी बसवून घेतलं. मडम हिरव्या दाराची कडी वाजवताना दिसली, तोच निळा शर्ट. दार उघडलं. जिन्यावर पोरी दिसल्या. आपली कुठली ते काही कळलं नाही, सगळ्यांची तोंडं पुसट केलेली. सुमन मात्र पडद्याच्या एका कोपऱ्यावर बोट ठेवून बसली होती.

मग कागदपत्रं, चौकशा, आज येईल, उद्या येईल. तीन महिने गेले.

आता वीट नाही म्हटल्यावर मला पालथ्या बादलीवर उभं राहावं लागतं. तर असंच एकदा दुपारी उभी राहिले, आणि बोरीखाली पिवळा ड्रेस. पाठमोरी. कमरेखाली वेणी.

पण आता मी शहाणी झाले होते. पुन्हा शूटिंग? सुमनला न सांगता? त्या माउलीला पुन्हा रडवायचं? बादलीवरून उतरले आणि तरातरा फाटकातून आत गेले.

"रेवा, पुरं झालं तुझं. पोर यायची तवा येईल, तिची नक्कल नगं. आण ते माझं गंगावन."

आणि मागून वेणी धरली, आणि जोर लावून ओढली.

गंगावन निघालं नाही.

"आई गं, मेले गं," म्हणून ती किंचाळली. त्या ओरडण्यानं अख्खी गल्ली गोळा झाली, आणि ओरडणं ऐकताच मला कळलं की असं ओरडणारी पोर जगात एकच आहे. ती वळली. हडकलेली, डोळ्यांत पाणी, पण तोंड तेच.

सुमन आतून धावत आली, हातात ओवाळायचं ताट. गाडीतून उतरलेली पोर ओवाळून घरात घ्यायची म्हणून तिनं बोरीखाली थांबवून ठेवली होती, तेवढ्यात मी.

मनी डोकं चोळत माझ्याकडं बघत राहिली. मग म्हणाली, "काकी, मेल्यावर पिठलं केलंत म्हणं माझ्यासाठी. आणि जित्ती आले तर केस उपटताय व्हय?"